आवाज बंद करून पाहिलेलं भूत

भयपटांवर लिहायला लागून मला चौदा वर्षं झाली, आणि या चौदा वर्षांत मी घरी एकही भयपट अंधारात पाहिलेला नाही. मी भयपट सकाळी अकराला पाहतो. पडदे उघडे, ट्यूबलाइट लावलेली, पाठ भिंतीला टेकलेली. बोईसरच्या आमच्या इमारतीत त्या वेळी जिन्यात कोणी ना कोणी असतंच. दुसऱ्या पाळीला निघायच्या तयारीतले भाडेकरू असतात, गॅसवाला असतो, वरच्या मजल्यावरच्या बाई पाण्यावरून भांडत असतात. एवढी जिवंत माणसं आजूबाजूला असली की मला भूत सोसतं.

वाचकांना यातलं काही ठाऊक नव्हतं. रविवारच्या पुरवणीत माझं सदर येतं, आणि त्यात मी ‘हा चित्रपट अंगावर काटा आणण्यात तोकडा पडतो’ अशी वाक्यं बेधडक लिहितो. एका वाचकाने कळवलं होतं की तुम्हाला भीती ही गोष्टच माहीत नसावी. मी उत्तर दिलं की सवयीने माणूस निर्ढावतो. नाव सोनुबाई, हाती कथलाचा वाळा म्हणतात ते हेच.

या धंद्यात मी पडलो तो तोंडामुळे. घरी बसून मुद्रितं तपासणं हे माझं मूळ काम. पुरवणीचे संपादक एकदा सिनेमाचे प्रकार वाटून देत होते. कौटुंबिक, विनोदी, ऐतिहासिक सगळं ज्येष्ठांनी पटापट उचललं. शेवटी “भुताखेतांचं कोण करणार?” असं त्यांनी विचारलं तेव्हा सगळे छताकडे बघायला लागले. शेजारची एक लेखिका म्हणाली, मला बाई भीती वाटते. त्यावर मी हसलो आणि म्हणालो, “त्यात काय घाबरायचं?” उचलली जीभ लावली टाळ्याला. घरी येऊन सांगितलं तेव्हा बायको भाजी चिरायची थांबली.

“तुम्ही?” ती म्हणाली. “लाइट गेले की मला हाका मारणारे तुम्ही?”

पहिल्या महिन्यातच मला एक शोध लागला. माणूस भूत बघून घाबरत नाही, ते यायच्या आधी जो आवाज होतो त्याने घाबरतो. आवाज बंद केला की उलट्या पायांची बाई ही नुसती तोंडाला पावडर फासलेली, जेवणाच्या सुट्टीची वाट बघणारी बाई दिसते. माझी सगळी कारकीर्द या एका शोधावर उभी आहे. पण परीक्षणात आवाजाबद्दल चार ओळी तरी लिहाव्या लागतात, म्हणून आम्ही घरात कामाची वाटणी केली. बायको तारापूरच्या एका औषध कंपनीत गुणवत्ता तपासणीला आहे. गोळ्या दाबायच्या मशीनपाशी जाताना तिथे कानात घालायला स्पंजची नारिंगी बोंडं देतात. त्यातली एक जोडी तिने मला आणून दिली. मी बोंडं घालून बघायचं आणि तिने पडद्याकडे पाठ करून, लसूण सोलत ऐकायचं. ती दुसऱ्या पाळीला असली की सकाळी हे छान जमायचं.

सिनेमा संपला की ती अहवाल द्यायची. “आधी दार करकरलं. मग कुत्रा. मग बाई ओरडली, पण ओरडणं दुसऱ्याच बाईचं लावलंय, ही मेली हळू बोलणारी आहे.” हे मी ‘ध्वनिसंयोजनातली खटकणारी विसंगती’ म्हणून लिहायचो आणि लोक माझ्या कानाची तारीफ करायचे. आम्ही दोघं मिळून एक समीक्षक होतो. नाव तेवढं माझं छापून यायचं.

एकदा समीक्षकांसाठी ठेवलेल्या खेळाला मध्येच थिएटरचा आवाज गेला. सगळे उठून ओरडायला लागले. मी कानात बोंडं घालून निवांत टिपणं काढत होतो. बऱ्याच वेळाने लक्षात आलं की लोक पडद्याकडे न बघता माझ्याकडे बघताहेत. बाहेर आल्यावर एका ज्येष्ठ समीक्षकांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाले, “याला म्हणतात एकाग्रता.” मी मान लववली. झाकली मूठ सव्वा लाखाची.

ती उघडली आमच्या मासळीवाल्या मावशींमुळे. मावशी नवापूरच्या. आठवड्यातून तीनदा त्या टोपली घेऊन आमच्या इमारतीत येतात आणि बायकोची अन् त्यांची दारात बैठक बसते. त्यांचे यजमान तांडेल होते, म्हणजे बोटीवरचे मुख्य. घशाच्या आजारात डॉक्टरांनी त्यांचं स्वरयंत्रच काढलं, तेव्हापासून ते घरी असतात आणि एक शब्दही बोलू शकत नाहीत. मुलगी मुंबईला जाऊन सिनेमाच्या आवाजाचं काम शिकली. एक दिवस मावशी बायकोला म्हणाल्या, “ताय, तुमचे मालक भुतांवर लिवतात म्हनं. माझ्या पोरीने पिच्चर केलाय भुताचा. आवाजाचा काम सगळा तिचा हाय. आनि भूत हाक मारतो ना, तो आवाज आमच्या घरवाल्याचा हाय, आपरेशनच्या आदीचा. बगा म्हनावं.”

हे सगळं बायकोने मला त्याच दिवशी सांगितलं असं तिचं म्हणणं आहे. मी तेव्हा मुद्रितं तपासत होतो. मला त्यातलं फक्त पापलेट आठवतं.

सिनेमा पन्नासेक मिनिटांचा होता. दिग्दर्शक पालघरचा, एरवी लग्नांचे व्हिडिओ काढणारा. पुण्याच्या एका महोत्सवाला सिनेमा पाठवायचा होता आणि अर्जासोबत वर्तमानपत्रातलं कात्रण जोडायचं होतं. आपल्याच तालुक्यातला समीक्षक आहे म्हटल्यावर त्याने मला लिंक पाठवली. संपादकही म्हणाले, छोटी चौकट देऊ, गुरुवारी दुपारी दोनपर्यंत मजकूर द्या. नेमकं त्या आठवड्यात बायकोच्या कंपनीत ऑडिट लागलं. ती सकाळी आठच्या कंपनीच्या बसने जायची ती दिवे लागल्यावर परत यायची. “मी आल्यावर बघू,” ती म्हणाली होती. पण बुधवारी ती दमून जेवताजेवता झोपली, आणि गुरुवारी अकरा वाजता मी एकटाच लॅपटॉपसमोर बसलो. एक बोट आवाज बंद करायच्या बटणावर.

सिनेमा एडवणच्या किनाऱ्यावरच्या सुरूच्या बनातला. आमच्या किनाऱ्यावर जुनी माणसं सांगतात की दिवस मावळल्यावर कोणी हाक मारली तर पहिल्या हाकेला ओ द्यायची नाही. माणूस असेल तर पुन्हा हाक मारेल. दुसरं काही असेल तर एकदाच मारेल, आणि ओ देणाऱ्याला घेऊन जाईल. सिनेमात एक म्हातारी हे सांगते. तिचं सांगणं मी आवाज लावून ऐकलं, कारण उन्हात बसून सांगते. पुढे एक खलाशी बुडतो. आणि शेवटी त्याची बायको तिन्हीसांजेला ओहोटीच्या चिखलात येऊन उभी राहते. तिने पाण्याकडे तोंड वळवलं मात्र, माझ्या बोटाने आपणहून बटण दाबलं.

पुढची नऊ मिनिटं मी चित्र पाहिलं. ती उभी आहे. तिचा चेहरा बदलतो. ती मागे वळते, थांबते, परत पाण्याकडे बघते. मग तिचे ओठ हलतात आणि ती चालायला लागते. ती कमरेइतक्या पाण्यात गेल्यावर आवाज नसतानाही मला बघवेना आणि मी लॅपटॉप मिटला. श्रेयनामावली येईपर्यंत थांबायची मला गरज वाटली नाही.

मग मी लिहिलं. ते आता इथे द्यायची लाज वाटते, पण भोगायलाच हवं. ‘शेवटच्या नऊ मिनिटांत दिग्दर्शकाने आवाजच काढून घेतला आहे. भुताची हाक फक्त तिला ऐकू येते, आपल्याला नाही. ही शांतता हेच या चित्रपटाचं सर्वांत मोठं धाडस. दुसऱ्या कोणी इथे हाक ऐकवून सगळं स्वस्त करून टाकलं असतं.’ शेवटचं वाक्य लिहून झाल्यावर मी स्वतःसाठी चहा केला. इतकं चांगलं वाक्य पुष्कळ दिवसांत जमलं नव्हतं.

रविवारी बायकोने ते वाचलं आणि चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं. “आवाज लावला होतात ना?”

“म्हणजे काय,” मी म्हणालो.

बुधवारी दुपारी मावशींची मुलगी दारात आली. पंचविशीची, पाठीला मोठी बॅग, चेहऱ्यावर झोप न झाल्याचे डाग. पाणी प्यायली आणि सरळ मुद्द्यावर आली.

“सर, तुमचं परीक्षण वाचून आमचा दिग्दर्शक खूश आहे. त्याला वाटतंय माझ्या हातून लिंकवर जुनी, शेवटाला आवाज न बसवलेली प्रत चढली. पण तो म्हणतो, बरंच झालं. सरांना शांतता आवडली ना, मग आपण शेवटाचा आवाज काढूनच टाकू. उद्या रात्री महोत्सवाला प्रत जाणार आहे.”

मी खुर्चीत सावरून बसलो.

“त्या नऊ मिनिटांत माझ्या बाबांची हाक आहे,” ती म्हणाली. “ऑपरेशनच्या चार दिवस आधी मी त्यांना गुडघाभर पाण्यात उभं करून ती घेतली. त्यांचा आवाज आता दुसरीकडे कुठेच नाही. आई म्हणते, ऐकेन तर थिएटरात चारचौघांत ऐकेन, म्हणून तिला अजून ऐकवलीसुद्धा नाही. सर, तुम्हाला हाक ऐकू आली आणि नको वाटली, की ऐकूच आली नाही? जे असेल ते सांगा. नको वाटली असेल तर मी काढते.”

एवढा साधा प्रश्न होता. ऐकूच आली नाही, हे तीन शब्द बोलायचे होते. पण त्या पोरीसमोर टेबलावर माझ्या चौदा वर्षांच्या कात्रणांची फाइल होती, आणि मी तिला शांततेच्या सौंदर्यावर व्याख्यान दिलं. न दिसणारं, न ऐकू येणारं हेच खरं भयावह असतं असं काहीबाही वीस मिनिटं बोललो. ती खालमानेने ऐकत होती. वाईट याचं वाटतं की मध्ये तिने मोबाइल काढला आणि माझं बोलणं लिहून घेतलं. जाताना वाकून नमस्कारही केला.

संध्याकाळी बायको आली. मी तिला सगळं सांगितलं, कारण खोटं मला फक्त छापील जमतं. तिने हातपाय धुतले, चहा घेतला, मग कपाटातून माझी नारिंगी बोंडं काढली आणि केराच्या डब्यात टाकली.

“ऑडिट संपलं,” ती म्हणाली. “उद्या रजा टाकते. नवापूरला जायचंय.”

“फोन केला तर नाही चालणार?”

“नाही.”

बोईसरहून नवापूरला रिक्षाने जाताना मी मनात कारणांची जुळवाजुळव केली. लिंक अडकत होती, लॅपटॉप बिघडला होता, कानाला दडा बसला होता. कानाचं मला बरंच बरं वाटलं, त्यात सहानुभूतीही मिळाली असती. बायको शेजारी बसून रस्त्याकडे बघत होती. “कानाचं सांगू नका,” ती एकदम म्हणाली. वीस वर्षांच्या संसारानंतर माणसाला मनातल्या मनातसुद्धा खोटं बोलता येत नाही.

मावशींच्या अंगणात बांबूच्या वलांडीवर बोंबील वाळत होते. ओट्यावर मावशींचे यजमान, काका, जाळं विणत बसले होते, गळ्याला पातळ फडकं बांधलेलं, मांडीशी एक काठी. आम्हाला पाहून त्यांनी काठीने खांबावर दोन ठोके दिले आणि मावशी आतून आल्या. आता ते असंच बोलावतात, हे मला बायकोने कानात सांगितलं. मुलगी लॅपटॉप घेऊन ओट्याच्या कोपऱ्यातच बसली होती. तिचं काम चालू होतं. ती हाक कापत होती.

मी उभ्याउभ्याच म्हणालो, “मी आवाज बंद करून पाहिला होता.”

“म्हणजे?” ती म्हणाली.

“मला भीती वाटते. सगळ्याच सिनेमांची वाटते. भीतीदायक भाग आला की मी आवाज बंद करतो.”

मग काकांचे खांदे हलायला लागले. आधी मला वाटलं ठसका लागला. ते हसत होते. आवाज नसलेलं हसू मी तेव्हा पहिल्यांदाच इतक्या जवळून पाहिलं. डोळ्यांतून पाणी येईस्तोवर हसले आणि हाताने मला बाजूला बसा म्हणून खुणावलं. मावशी पदर तोंडाला लावून आत गेल्या. “भुतांवर लिवतात म्हनं,” असं आतून ऐकू आलं.

मुलगी हसली नाही. “मला सांगून काय उपयोग, सर,” ती म्हणाली. “त्याला सांगा.” आणि तिने दिग्दर्शकाला फोन लावून स्पीकर चालू केला. मी परत तेच सांगितलं. दुसऱ्यांदा सांगताना सोपं जातं असं म्हणतात, ते खरं नाही.

“पण सर, ती शांतता...” दिग्दर्शक म्हणाला.

“ती माझ्या घरातली होती.”

तो म्हणाला, “मला खरं सांगू का, सर, मला अजूनही शांतताच बरी वाटते. पण तुम्ही आता आवाज लावून बघा. आणि मग सांगा, ठेवायचा की काढायचा. तुम्ही म्हणाल तसं. रात्रीपर्यंत वेळ आहे.”

त्या परीक्षणाची दुरुस्ती मी पुढे माझ्या सदरात कारणासकट छापली, तेव्हा संपादकांनी विचारलं, हे छापायलाच हवं का? त्या ज्येष्ठ समीक्षकांचा त्यानंतर आजतागायत फोन आलेला नाही.

मुलीने लॅपटॉप एका उपड्या मासळीच्या क्रेटवर ठेवला आणि दोन छोटे स्पीकर जोडले. दुपारचे साडेबारा झाले होते. लख्ख ऊन, समोर बोंबील, रस्त्यावरून बर्फाचा टेम्पो चाललेला. घाबरायला याहून गैरसोयीची जागा नाही. काका माझ्या डाव्या हाताला, बायको उजव्या. मावशी आत होत्या. “मी नाय बगनार आता,” त्या म्हणाल्या. “माझा कालवन चढलाय.”

शेवट सुरू झाला. आधी नुसतं पाणी वाजत होतं. ओहोटीचा चिखल असा फुटतो, बुडबुडे येतात, हे मी इथे आयुष्य काढून कधी ऐकलं नव्हतं. मग लांब कुठेतरी दोर ताणल्याचा आवाज. मग पाणी थांबल्यासारखं झालं. आणि त्या पाण्यावरून एका पुरुषाची हाक आली.

“ए गोऽऽ.”

बस एवढीच. बोट किनाऱ्याला लागली की टोपल्या घेऊन ये म्हणून मावशींना हीच हाक जायची. या गावात जुने नवरे बायकोचं नाव घेत नाहीत. माझ्या मानेपासून टाचेपर्यंत काटा आला आणि चौदा वर्षांची माझी सगळी वाक्यं मला सोडून गेली. मी शेजारचा हात गच्च धरला. बायकोचा समजून धरला, पण तो खरखरीत आणि रुंद होता. भुताची भीती वाटली म्हणून मी भुताचाच हात धरून बसलो होतो. भित्यापाठी ब्रह्मराक्षस हे ऐकून होतो, तो शेजारी बसून आपला हात थोपटतो हे माहीत नव्हतं.

तेवढ्यात आतून आवाज आला.

“ओ,” मावशी म्हणाल्या. “आले, आले.”

पळी खाली पडली. त्यानंतर आत काहीच वाजलं नाही. पडद्यावरची बाई पाण्याकडे बघत होती, तिचे ओठ अजून हललेही नव्हते. मावशी दारात आल्या तेव्हा त्यांच्या हाताला मसाला तसाच होता. त्यांनी लॅपटॉपकडे पाहिलं, मग काकांकडे पाहिलं. काका जाळ्याकडे बघत राहिले. त्यांच्या हाताची पकड मात्र घट्ट झाली, ती मला कळली.

मुलगी लॅपटॉप बंद करायला पुढे झाली.

“ऱ्हाऊ दे,” मावशी म्हणाल्या. त्या उंबऱ्यावरच खाली बसल्या. “परत लाव.”

मुलगी सिनेमा मागे नेत होती तेवढ्यात मी दुसऱ्या हाताने दिग्दर्शकाला मेसेज केला. हाक ठेवा. मग पुन्हा पाणी वाजायला लागलं, दोर ताणला गेला. मी आवाज कमी करायला सांगितलं नाही, आणि काकांचा हातही सोडला नाही.